चार धर्मांचं घर आणि फडावरचं पोर

जोतीराव फुले यांनी आपलं शेवटचं पुस्तक डाव्या हातानं लिहिलं. १८८८ मध्ये पक्षाघातानं त्यांची उजवी बाजू लुळी पडली होती. २८ नोव्हेंबर १८९० रोजी ते गेले, आणि ‘सार्वजनिक सत्यधर्म पुस्तक’ त्यांचा मुलगा यशवंत यानं १८९१ मध्ये प्रसिद्ध केलं. नीतीवर मराठीत पुष्कळ लिहिलं गेलं आहे. पण नीतीचा विचार नवरा-बायको, मुलगा-मुलगी यांच्या घरातून सुरू करणारं, आणि तोही प्रश्नोत्तरांतून मांडणारं पुस्तक म्हणून याची जागा वेगळीच राहते.

या पुस्तकावरून कोल्हापूर जिल्ह्यातल्या बिद्रीच्या दोघांचा वाद आहे. एक मास्तर, हायस्कुलात मराठी शिकवून निवृत्त झालेले. दुसरे तात्या, एका साखर कारखान्याच्या शेती विभागात चिटबॉय होते. कोणत्या टोळीनं कोणाचा फड तोडायचा, याची चिठ्ठी देण्याचं काम त्यांचं. केस पांढरे झाले तरी या भागात हुद्दा चिटबॉयच राहतो. दोघांच्या घरी फुले-शाहूंच्या तसबिरी आहेत, त्यामुळे हा भक्त आणि निंदक यांचा तंटा नव्हे. दूधगंगा आणि वेदगंगा या दोन नद्यांमधल्या उसाच्या मुलखात, गाळप हंगाम चालू असताना हे पुस्तक वाचलं तर काय हाती लागतं, एवढाच प्रश्न आहे.

मास्तर : तात्या, पुस्तकातलं एक घर आधी बघा. घरातली बाई बौद्ध धर्माचं पुस्तक वाचते, तिला पटतं, ती तो धर्म घेते. नवरा बायबल वाचून ख्रिस्ती होतो. मुलगी कुराण वाचून मुसलमान होते, मुलगा सत्यधर्मी. आणि ही चौघं एका छपराखाली गोडीनं राहतात, कारण सगळी एकाच निर्मिकाची लेकरं. एकोणिसाव्या शतकात हे लिहिलं आहे. आज असं घर काढायचं म्हटलं तर सोसायटीवाले भाड्यानं खोली देणार नाहीत. यात बाप कुणाचा धर्म ठरवत नाही, ही माझ्या मते मोठी गोष्ट. त्याहून मोठी ही, की मुलीची निवड मुलाच्या निवडीपासून वेगळी सांगितली आहे. ती भावाच्या मागून जात नाही, पुढं नवऱ्याच्या मागूनही जाणार नाही. जन्मपत्रिका त्यांनी झिडकारली ती याच विचारानं. पोर जन्मलं की त्याचं पुढचं आयुष्य दुसऱ्यानं कागदावर मांडून ठेवायचं, हा हक्क त्यांनी जोशीबुवाला दिला नाही आणि बापालाही दिला नाही. पुरुष दोन बायका करतो, मग बाईनं दोन नवरे केले तर कसं वाटेल, असा प्रश्न उलटा फिरवून विचारणारा हा माणूस. आणि शेवटी हे बघा, की या पुस्तकात जोतीरावांना प्रश्न विचारणाऱ्यांत त्यांचा मुलगा यशवंत आहे. आपल्याकडे बाप सांगतो आणि पोरगा मान हलवतो. इथं पोरगा विचारतो, बापाला उत्तर द्यावं लागतं.

चिटबॉय : घर छान आहे, नको कोण म्हणतंय? पण त्या घरातल्या पोरीचं वय किती, सांगा. कुराण वाचते म्हणजे अक्षरओळख झाली. पटलं-न पटलं ठरवते म्हणजे जाणती झाली. तिथवर ती पोचली कशी? तिला शाळेत कुणी घातलं, धाकटं भावंड कुणी सांभाळलं? पुस्तकातली पोरं एकदम मोठी होऊनच दारातून आत येतात. माझ्या नोकरीत मी लहानच बघितली. टोळी उतरली की मुकादम कोयते मोजून सांगतो. नवरा-बायको मिळून एक कोयता, एकटा गडी अर्धा कोयता. उचल, म्हणजे आगाऊ रक्कम, कोयत्यावर दिलेली असते, हिशेब टनावर होतो. त्या कोयत्यामागं खोपीत दोन-तीन पोरं असतात, ती कुठल्याच कागदावर येत नाहीत. पहाटे अंधारात आई-बाप फडात जातात. आठ-नऊ वर्षांची थोरली पोरगी तान्ह्याला घेऊन खोपीत राहते, नाहीतर पाचटात बसून वाढे गोळा करते. बीडकडचे लोक, जालन्याचे, जतचे, पलीकडं विजापूरचे; दिवाळीच्या आगंमागं येतात आणि ऊस संपला की जातात. शाळेचं निम्मं वर्ष त्यात गेलं. या पोरीला तुमचं पुस्तक काय म्हणतं? कुठला धर्म पटतो बाई तुला? ती म्हणेल, आधी हे कडेवरचं घ्या.

मास्तर : हा आक्षेप त्यांना ठाऊक नव्हता असं समजू नका. १८८२ मध्ये शिक्षणाबद्दलच्या हंटर आयोगापुढं त्यांनी निवेदन दिलं. त्यात कारण स्वच्छ सांगितलं आहे : गरीब कुणब्याला पोर हवं असतं जनावरं राखायला, शेताकडं बघायला, म्हणून तो शाळेत पाठवत नाही. बाप अडाणी आहे, आळशी आहे, असं ते म्हणत नाहीत. अडचण खरी धरतात. आणि उपाय दोन सांगतात. निदान बारा वर्षांपर्यंत प्राथमिक शिक्षण सक्तीचं करा, आणि सक्तीबरोबर शिष्यवृत्त्या द्या, बक्षिसं द्या, म्हणजे पोर पाठवणं त्या बापाला परवडेल. सक्ती आणि मोबदला एकाच निवेदनात. तुम्ही म्हणता पोरं मोठी होऊन येतात. त्यांच्या घरात तर तान्हीच आली होती! १८६३ मध्ये पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढलं. विधवेनं गुपचूप यावं, बाळंत व्हावं, मूल न्यायचं तर न्यावं, ठेवायचं तर ठेवावं. मुलांबद्दल लिहिणारे विचारवंत युरोपातही झाले. ‘एमिल’ लिहून बालशिक्षणाचा गुरू ठरलेल्या रूसोनं आपली पाचही मुलं अनाथालयात सोडली, हे त्यानंच पुढं कबूल केलं. इकडं जोतीराव आणि सावित्रीबाईंनी दुसऱ्यांची सोडलेली मुलं घरात घेतली. यशवंत त्यांतलाच, एका ब्राह्मण विधवेचा मुलगा. जोतीराव स्वतः आईविना वाढले, सगुणाबाईंनी त्यांना सांभाळलं. १८४९ मध्ये दोघांनी काढलेल्या शाळेपायी वडिलांनी नवरा-बायकोला घराबाहेर काढलं. रक्ताचं घर माणसाला टाकूही शकतं हे त्यांनी दोन्ही अंगांनी पाहिलेलं होतं. म्हणून त्यांची कुटुंबनीती रक्तावर उभी नाही.

चिटबॉय : रूसोशी तुलना केली की कुणीही बाप देवमाणूस दिसेल, मास्तर. मी जोतीरावांना जोतीरावांच्याच मापानं मोजतो. तुम्ही मला धनंजय कीरांनी लिहिलेलं त्यांचं चरित्र वाचायला दिलंत, त्यात १८८७ चं मृत्युपत्र आहे. मालमत्ता यशवंतला, पण अट घालून. पोरगा लायक निघाला नाही, उनाड निघाला, तर त्यांच्या सत्यशोधक समाजाच्या मंडळींनी बहुमतानं शूद्रांतला दुसरा हुशार मुलगा निवडावा आणि वारसा त्याला द्यावा. मृत्युपत्र झालं तेव्हा हा मुलगा तेरा-चौदा वर्षांचा. पुढं दोनेक वर्षांत पुस्तकात तोच बापाला मोकळेपणानं प्रश्न विचारताना दिसतो. हे प्रश्न त्याचे होते कशावरून? दोन्ही बाजू बापानंच लिहिलेल्या. तुम्हीही वर्गात फळ्याकडं तोंड करून प्रश्न विचारायचात आणि उत्तरही तुम्हीच द्यायचात. आणि लग्नाचं घ्या. १८८९ मध्ये ज्ञानोबा ससाण्यांच्या राधेशी यशवंतचं लग्न झालं. लग्नाआधी पोरीला घरी आणून ठेवलं, शिकवलं. हेतू उत्तम. पण त्या पोरीनं काय वाचून काय निवडलं? माझं म्हणणं एवढंच, की पुस्तकातलं घर आणि लिहिणाऱ्याचं घर यांत अंतर आहे, आणि ते अंतर लहान पोरांच्या बाबतीत सगळ्यात जास्त आहे.

मृत्युपत्राचा हा मुद्दा सहसा कुणी काढत नाही. फुल्यांवरच्या भाषणांत दत्तक घेतल्याची गोष्ट येते, टाळ्या पडतात आणि वक्ता पुढं सरकतो. अट तशीच राहून जाते. ज्यांना नीतीचा विचार करायचा आहे त्यांनी तिथंच थांबायला हवं. मूल आपलं मानायचं म्हणजे ते कसंही निघालं तरी आपलं मानायचं का? की लायकीवर वारसा ठरवणं हीच जन्मावर वारसा ठरवणाऱ्या समाजाला दिलेली चपराक?

मास्तर : अट वाचून मलाही पहिल्यांदा चुटपुट लागली, नाही म्हणत नाही. पण ती नीट वाचा. अट मालमत्तेला आहे, मायेला नाही. जन्मानं हक्क मिळतो हे तत्त्व एकदा मान्य केलं, की यशवंतला काहीच मिळायला नको. तो ना रक्ताचा, ना जातीचा. त्याला हक्क मिळाला तोच मुळी जन्म बाजूला ठेवून. मग जन्म बाजूला ठेवणारा माणूस म्हणेल, की हा पैसा चळवळीच्या उपयोगी माणसाकडं जावा. आणि जन्माचा हक्क सांगणारे कसे वागतात ते जोतीरावांच्या अंत्ययात्रेतच दिसलं. यशवंत दत्तक, तो टिटवं कसा धरणार, म्हणून भाऊबंद आडवे आले. सावित्रीबाईंनी टिटवं स्वतः हातात घेतलं. पोरगा पुढं डॉक्टर झाला, आणि १८९७ च्या प्लेगात आई-मुलगा मिळून रोग्यांची सेवा करत होते. त्या सेवेतच सावित्रीबाई गेल्या. हे घर अटीवर उभं नव्हतं.

चिटबॉय : पोरगा चांगला निघाला म्हणून अट चांगली ठरत नाही. निकाल लागल्यावर पेपर सोपा होता म्हणण्यातली गत. तुमचं म्हणणं मी असं धरतो : जोतीरावांच्या लेखी मूल आई-बापाच्या मालकीचं नाही. ठीक. पण मग ते कुणाचं? समाजाचं? चळवळीचं? मालक बदलला, पोर होतं तिथंच.

मास्तर : स्वतःचं. उत्तर तेवढंच आहे, अवघड आहे ते अमलात आणणं. मूल स्वतःचं असतं, पण स्वतःचा कारभार बघायला त्याला पंधरा-वीस वर्षं लागतात. तोवर कुणीतरी विश्वस्त लागतो. अमेरिकेत जोएल फाइनबर्ग म्हणून तत्त्वज्ञ होऊन गेला. त्यानं १९८० मध्ये मांडलं, की मुलाचे काही हक्क आज वापरायचे नसतात, ते मोठेपणासाठी राखून ठेवायचे असतात. आई-बापांनी आजच असं काही करू नये की उद्याच्या वाटा बंद व्हाव्यात. त्याच्यासमोर १९७२ चा खटला होता. विस्कॉन्सिनमधल्या आमिश पंथाच्या लोकांना मुलं आठवीपुढं शाळेत घालायची नव्हती. शेतीचं आणि धर्माचं शिक्षण घरीच देऊ म्हणाले. सर्वोच्च न्यायालयानं आई-बापांच्या बाजूनं निकाल दिला. न्यायमूर्ती डग्लस मात्र काही बाबतीत वेगळे गेले. त्यांनी विचारलं, त्या पोरांना कुणी विचारलं का? साक्ष एकाच मुलीची झाली होती. फुल्यांच्या पुस्तकात मुलीला विचारलं आहे, एवढं तरी मोजा.

चिटबॉय : आमिश बापाला जमीन होती, मास्तर. पोरानं शाळा सोडली तरी त्याला शेत होतं, गोठा होता. माझ्या टोळीतल्या बापाला उचल असते. त्याच्या पोरीच्या उद्याच्या वाटा बंद होतात त्या बापाच्या हट्टानं होत नाहीत. गावाकडं सांभाळायला म्हातारी असेल तर पोर मागं राहतं, नसेल तर ट्रॉलीत बसतं. इथं विश्वस्त कसला आणि निवड कसली? शाहू महाराजांनी १९१७ मध्ये कोल्हापूर संस्थानात सक्तीचं मोफत शिक्षण आणलं, पोर न पाठवणाऱ्या बापाला महिन्याला एक रुपया दंड ठेवला. त्या काळातला रुपया! मला त्याचा अभिमान आहे. पण आज तो दंड कुणाला करायचा? खोपीत झोपणाऱ्याला? २००९ च्या शिक्षण हक्क कायद्यानं तर पोर शाळेत घालणं हे पालकाचं कर्तव्य एवढंच म्हटलं, शिक्षा ठेवली नाही. मला ते शहाणपणाचं वाटतं.

मास्तर : मला ते सोयीचं वाटतं. शाहूंचा रुपया बापाला टोचायचा, पण तो सरकारलाही टोचायचा. दंड करायचा तर गावात शाळा असावी लागते, मास्तर असावा लागतो, पट ठेवावा लागतो. कायद्यातून दंड गेला तसा शोधही गेला. पोर पटावर आहे, वर्गात नाही, आणि कुणाला त्याचा जाब नाही.

चिटबॉय : मग जे. पी. नाईकांचं काय म्हणाल? आपल्या आजऱ्याकडच्या बहिरेवाडीचा माणूस. गारगोटीला मौनी विद्यापीठ उभं केलं, १९६४ ते १९६६ कोठारी आयोगाचे सचिव होते. देशाचं शिक्षण त्यांच्याइतकं कुणी उलटंपालटं करून बघितलं नसेल. ते म्हणत, गरिबाचं पोर कामाला जाणारच, तेव्हा दिवसभराची शाळा त्याच्या गळ्यात मारू नका. त्याला मोकळा वेळ असेल तेव्हा अर्धवेळ शिकवा. मध्येच सुटलं तर परत यायला दार उघडं ठेवा. हे मला पटतं. आणि काम म्हणजे सगळंच वाईट असंही नाही. आम्ही म्हशी राखल्या, उसाला पाणी पाजलं, त्यातनं बरंच शिकलो. कामाला हात न लावता वाढणारं बालपण शहरातल्या चार घरांचं असेल.

या जागी दोघांच्या भूमिकांची अदलाबदल झाली, ते दोघांच्याही लक्षात आलं नसावं. फुल्यांवर शंका घेणारे चिटबॉय हंटर आयोगापुढच्या फुल्यांसारखंच गरिबाची अडचण खरी धरून बोलू लागले, आणि फुल्यांचे पुरस्कर्ते मास्तर त्या अडचणीपुढं सक्ती सोडायला तयार नाहीत.

मास्तर : नाईकांबद्दल आदर ठेवूनच विचारतो, ही अर्धवेळ शाळा तुमच्या नातवासाठी चालेल का? तो कोल्हापूरला इंग्रजी शाळेत जातो, बसनं, बूट घालून. अर्धी शाळा नेहमी दुसऱ्याच्या पोरासाठी सुचते. मायरन वायनर या अमेरिकी अभ्यासकानं १९९१ मध्ये नेमकं हेच लिहिलं. भारतात तोवर सक्तीचं शिक्षण आलं नाही ते गरिबीमुळं नव्हे. गरिबाच्या पोरानं कामच करायचं असतं हे वरच्या वर्गाला मनातून पटलेलं आहे म्हणून, असं त्याचं म्हणणं. आपल्याहून गरीब असतानाही काही देशांनी सक्ती करून दाखवली, हा त्याचा दाखला. नाईकांचा हेतू उदार होता. पण गरिबाची अडचण मान्य करता करता ती कायमची करून टाकणं, हा धोका त्यात होताच. म्हशी राखून तुम्ही शिकलात, कारण संध्याकाळी घरी यायचात आणि सकाळी शाळेत जायचात. ऊसतोडीच्या पोरीला ते घरही नाही आणि ती सकाळही नाही.

चिटबॉय : नातवाचं बोललात ते लागलं. लागायलाच पाहिजे. पण तुमच्या सक्तीला मी पुढचा प्रश्न घालतो. सरकारनं हंगामी वसतिगृहं काढली. आई-बाप तोडीला जातात, पोर गावीच राहतं, शाळा चालू राहते. कागदावर बिनतोड. आता सहा-सात वर्षांचं पोर आईपासून पाच-सहा महिने लांब. तुमच्या पुस्तकात चार धर्म एका घरात मावले. या पोरीची आई आणि शाळा एका गावात मावत नाहीत. दोन्हींतलं एक सोड म्हणून तिला सांगायचं. कुठलं सोडायचं, ते जोतीरावांनी कुठं लिहिलंय? तुमचे डग्लससाहेब म्हणतात पोरीला विचारा. विचारलं. ती म्हणाली, आईबरोबर जायचं. ऐकणार?

मास्तर : सात वर्षांच्या पोरीनं आई मागितली तर ती चुकली असं मी म्हणणार नाही. पण ‘जाऊ दे आईबरोबर’ म्हणणं आपल्याला सोपं आहे, कारण त्यात आपला एक पैसा जात नाही.

चिटबॉय : आणि ‘राहा वसतिगृहात’ म्हणणंही सोपंच आहे. त्यात तोडणीचा टनाचा दर वाढत नाही.

मास्तर : म्हणजे प्रश्न पोरीला विचारण्याआधीच चुकलेला आहे. आई की शाळा, असा तो मांडला कुणी? कोयत्याच्या हिशेबानं मांडला. दर असा, की एकट्यानं भागत नाही, जोडीच लागते. जोडी गेली की घराला कुलूप. तेव्हा ‘सत्यधर्म’ एकटं वाचून चालणार नाही, शेजारी जोतीरावांचाच ‘शेतकऱ्याचा असूड’ ठेवावा लागेल. घरातली नीती घराबाहेरच्या हिशेबावर कशी लटकते ते त्यात आहे. मात्र त्या हिशेबाला हात लागेपर्यंत पोरीनं थांबायचं, हे मला मान्य नाही. आजच्या आज करण्यासारखं एक आहे, आणि ते तुम्हीच मघाशी बोलून गेलात. तिच्या कडेवरचं पोर घ्या.

चिटबॉय : पाळणाघर म्हणताय?

मास्तर : पाळणाघरच. थोरली पोरगी शाळेबाहेर का राहते? धाकट्यापायी. कायदा सहा ते चौदा वर्षांचा हिशेब धरतो. सहाच्या खालचं पोर त्या हक्काच्या बाहेर, म्हणून त्याला सांभाळणारी नऊ वर्षांचीही बाहेर. ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांना हे कोसबाडच्या आदिवासी पाड्यांत दिसलं. मुलं शाळेत येत नाहीत म्हणून त्यांनी शाळाच पोरांकडं नेली : अंगणात अंगणवाडी, गुरं चरतात तिथं कुरणशाळा. आणि विकासवाडीत पाळणाघर, बालवाडी आणि प्राथमिक शाळा एकत्र आणली, म्हणजे मोठ्या पोरीला धाकट्यासकट येता यावं. बालहत्या प्रतिबंधक गृहाचीच ही पुढची पायरी समजा. जोतीराव-सावित्रीबाईंनी पुस्तकाच्या पंचवीसहून जास्त वर्षं आधी पाळणा टांगला होता. पोरं मोठी होऊन येतात, हा तुमचा आक्षेप पुस्तकाला लागू असेल, त्यांच्या घराला नाही.

चिटबॉय : हे मान्य. घराला आक्षेप नाही, मृत्युपत्राचा सोडून. पण कोसबाडची टेकडी जागची हलत नाही, टोळी हलते. एका गावचा ऊस संपला की पुढच्या गावाला. फड आज ओढ्याकाठी, उद्या माळाला. तोडणीवाल्यांच्या पोरांसाठी साखरशाळा निघाल्या, काही ठिकाणी चांगल्या चालल्या, पण बऱ्याच कारखान्याच्या आसपास. टोळ्या दहा-वीस मैलांवर पसरलेल्या. पाळणा कुठं टांगणार? आणि दुसरं, पैसे कुणाचे? मुकादम म्हणणार, मी माणसं आणली, पोरं नाही. कारखाने म्हणतात, मजूर मुकादमाचे आणि वाहतूकदाराचे, आमचे नव्हेत. शेतकरी म्हणणार, तोडणी-वाहतूक माझ्याच बिलातनं कापता, आता पाळणाही माझ्याच बोकांडी? ऊसतोड कामगारांसाठी गोपीनाथ मुंड्यांच्या नावाचं महामंडळ झालं, त्याला टनामागं रक्कम द्यायचं ठरलं. ती रक्कम फडावरच्या तान्ह्या पोरापर्यंत कशी उतरणार?

मास्तर : तुमचाही ऊस जातो, तात्या. तुम्ही टनामागं द्याल?

चिटबॉय : देईन. पण आधी पोरं मोजा. टोळीत सहाच्या खालची किती, सहाच्या वरची किती, हे मुकादमानंच लिहून द्यावं. उचल देताना माणसं तोच मोजतो.

मास्तर : मुकादमाच्या वहीत पोर चढलं की ते उचलीत धरलं जाईल. बारा वर्षांचा पोरगा वहीत अर्धा कोयता होऊन बसेल. पोरांचा आकडा त्याच्या हातात देऊ नका. ते काम जिल्हा परिषदेच्या शाळेचं आणि अंगणवाडीचं.

चिटबॉय : शाळा आपल्या हद्दीतली मोजते आणि अंगणवाडी गावातली. हे पोर पटावर बीडला आहे आणि खोपीत बिद्रीला. इकडची बाई म्हणणार, माझ्या यादीत नाही. तिकडचा मास्तर म्हणणार, हजेरीत आहे. फडापर्यंत रोज जाणारा माणूस एकच, चिठ्ठी घेऊन जाणारा. चिठ्ठीवर शेतकऱ्याचं नाव असतं, उसाची जात असते, लागणीची तारीख असते. तिथं पोरांचा रकाना घाला म्हणाल तर मी घातला असता. पण तो भरून मी द्यायचा कुणाला?